सगळे घरी पोचले का?

महाकाव्यातला वीर प्रवासाला निघाला की समुद्र खवळतो, देवदेवतांची भांडणे लागतात आणि कवी बारा बारा हजार ओळी लिहितो. आपल्या वस्तीतला माणूस पहाटेची लोकल पकडायला निघतो तेव्हा फार तर गल्लीतले कुत्रे एकदा मान वर करून बघते. त्याच्यावर कुणी काव्य लिहीत नाही. मस्टरवर वेळेत सही झाली आणि रात्री दाराशी चपला वाजल्या, की त्या दिवसापुरती त्याची कथा संपली.

आजच्या सदरात आम्ही या दोन प्रवासांची तुलना करणार आहोत. वाचक म्हणतील, कुठे ग्रीकांचा राजा ओडिसियस आणि कुठे आमची विरार लोकल! परंतु ही तुलना करणारे आम्ही पहिले नव्हेत. जेम्स जॉइस या आयरिश लेखकाची ‘युलिसिस’ ही कादंबरी १९२२ साली प्रसिद्ध झाली. युलिसिस हे ओडिसियसचेच दुसरे नाव. राजाची सारी भटकंती जॉइसने डब्लिन शहरातल्या एकाच दिवसात, १६ जून १९०४ या दिवसात बसवली. त्याचा नायक राजा नाही, तो वर्तमानपत्रासाठी जाहिराती मिळवत फिरणारा साधा माणूस आहे. ट्रामच्या खडखडाटात, घोडागाडीतून आणि बराचसा पायी तो शहरभर हिंडतो आणि रात्री उशिरा घरी परततो. डब्लिनच्या माणसाला हा मान मिळू शकतो, तर डोंबिवली, कल्याण, पनवेल आणि नालासोपाऱ्याच्या माणसाने काय घोडे मारले आहे?

ज्यांना ‘ओडिसी’ची कथा ठाऊक नाही त्यांच्यासाठी ती थोडक्यात सांगतो. घरात मुले असतील तर त्यांनाही वाचून दाखवावी. ट्रॉयचे युद्ध दहा वर्षे चालले. ते संपल्यावर ओडिसियस बारा गलबते आणि आपली माणसे घेऊन इथाका या आपल्या बेटाकडे निघाला. वारा सरळ असता तर काही आठवड्यांचा रस्ता, पण पोचायला त्याला आणखी दहा वर्षे लागली. वाटेत एकडोळ्या राक्षस भेटला, माणसांची डुकरे करणारी सर्सी भेटली, गाऊन भुलवणाऱ्या सायरन भेटल्या, सहा डोक्यांची स्किला भेटली. घरी बायको पेनेलोपी वाट पाहत होती. निघताना तान्हा असलेला मुलगा टेलेमाकस वीस वर्षांचा झाला होता. अखेर ओडिसियस घरी पोचला. होमरच्या नावावर असलेले हे काव्य जगभर शेकडो वर्षे वाचले जात आहे.

प्रवासाचा हिशोब

प्रथम आपण वेळेचा हिशोब करू. ओडिसियसच्या दहा वर्षांपैकी सात वर्षे कॅलिप्सोच्या बेटावर गेली आणि एक वर्ष सर्सीच्या वाड्यात. वाऱ्यांचा राखणदार एओलस याच्याकडे तो महिनाभर पाहुणा होता आणि सूर्यदेवाच्या बेटावर महिनाभर अडकून पडला होता. हे सारे वजा केले तर प्रत्यक्ष समुद्रावरची त्याची वणवण दोन वर्षांचीही भरत नाही.

आता आपल्या माणसाचा हिशोब पाहू. विरार ते चर्चगेट हे अंतर सुमारे ६० किलोमीटर. घरापासून स्टेशन, फलाटावरचे ताटकळणे, गाडी, पुन्हा बस किंवा पायपीट असे जाऊन येऊन दिवसाचे चार तास धरा. वर्षाला कामाचे ३०० दिवस धरले तर १,२०० तास होतात, म्हणजे रात्रंदिवस मोजलेले ५० दिवस. तीस वर्षे नोकरी केली तर १,५०० दिवस. चार वर्षांहून अधिक काळ माणूस नुसता गाडीत आणि गाडीच्या वाटेवर असतो! ओडिसियसच्या वणवणीच्या दुप्पट! अंतर मोजले तर वर्षाला ३६,००० किलोमीटर भरतात. पृथ्वीचा घेर सुमारे ४०,००० किलोमीटर आहे. म्हणजे आपल्या शेजारच्या खोलीतला कारकून, वॉर्डबॉय किंवा झाडू खात्यातला कामगार तेरा-चौदा महिन्यांत पृथ्वीप्रदक्षिणा घालतो आणि तरीही त्याला कुणी ‘काय पाहिलेत?’ असे विचारत नाही.

कारण त्याने बहुतेक वेळा पाहिलेली असते ती समोरच्याची पाठ.

या प्रवासालाही त्याचे म्हणून एक ज्ञान लागते. कुठला डबा कुठल्या जिन्यासमोर येतो, पावसाळ्यात कुठे पाणी भरते, कुठली गाडी कागदावर फास्ट आणि प्रत्यक्षात रखडणारी, रविवारच्या ब्लॉकमध्ये कुठून वळसा घ्यायचा, हे सारे त्याला तोंडपाठ असते. खलाशाला वारा आणि तारे वाचता येत, तसे याला इंडिकेटर आणि फलाटावरच्या माणसांचे चेहरे वाचता येतात. बायकामुलांना सोबत घेऊन निघालेला नवखा माणूस दारात गोंधळला की हाच माणूस ओरडतो, ‘आधी पोरांना आत घ्या!’ हे शिक्षण कुठल्या शाळेत मिळत नाही आणि त्याचे प्रमाणपत्रही नाही.

दोरी कापणारे आणि दोरी धरणारे

आता सोबत्यांकडे येऊ. इथे ग्रीकांपेक्षा एक चिनी प्रवासी आम्हाला जास्त उपयोगी पडतो. भिक्खू फाहियान इ.स. ३९९ मध्ये चीनमधून पायी निघाला, भारतात आला, सिंहलद्वीपात राहिला आणि तिथून व्यापाऱ्यांच्या जहाजाने परत निघाला. त्याने लिहिलेली हकीकत आज उपलब्ध आहे. जहाजावर दोनशेहून अधिक माणसे होती. अडीअडचणीला उपयोगी पडावी म्हणून मागे एक लहान नाव दोरीने बांधलेली होती. वादळ झाले, जहाजाला भोक पडून पाणी आत येऊ लागले. व्यापारी लहान नावेकडे धावले. नावेत आधीच असलेल्या माणसांनी काय केले? आणखी माणसे आली तर आपण बुडू, या भीतीने त्यांनी दोरीच कापून टाकली!

ही दोरी आम्ही रोज कापलेली पाहतो. दारातला माणूस मागच्याला म्हणतो, ‘आत जागा नाही, पुढची पकड.’ तोच माणूस दोन मिनिटांपूर्वी फलाटावर उभा राहून ‘आत सरका ना, राव’ म्हणून विनवत होता. विरारच्या गाडीत चढलेल्या बोरिवलीच्या माणसाला उतरू न देण्याचे प्रकार तर सर्वांना ठाऊक आहेत. फलाटावरून डब्यात पाऊल पडले की आपण ‘आतले’ आणि बाकीचे ‘बाहेरचे’. माणसाचा स्वभाव दोन पावलांत कसा बदलतो, हे पाहायचे असेल तर गर्दीच्या वेळी कुठल्याही स्टेशनवर जावे.

फाहियानचा दुसरा अनुभव याहून बोलका आहे. जावा बेटाकडून तो दुसऱ्या जहाजाने चीनला निघाला. महिन्याभराने पुन्हा वादळ आले. जहाजावरच्या ब्राह्मणांनी आपसात ठरवले की, हा श्रमण जहाजावर आहे म्हणूनच हे संकट ओढवले, याला एखाद्या बेटावर उतरवून द्यावे, एकासाठी सगळ्यांनी का मरावे? तेव्हा फाहियानचा एक आश्रयदाता उभा राहिला. तो म्हणाला की, याला उतरवणार असाल तर मलाही उतरवा, नाहीतर मला ठार मारा, कारण चीनला पोचल्यावर मी राजाला हे सांगितल्याशिवाय राहणार नाही. ते ऐकून बाकीचे कचरले आणि फाहियान वाचला. पाणी संपत आले होते, स्वयंपाकाला समुद्राचे पाणी वापरावे लागत होते, तरी ते जहाज सत्तरहून अधिक दिवसांनी किनाऱ्याला लागले.

दोनशे माणसांत एकच उभा राहिला, पण तो एक पुरला. गाडी रखडली, गर्दी वाढली, घाम आणि चिडचिड सुरू झाली की डब्यातही खापर फोडायला कुणीतरी लागतो. मग बोचके घेऊन चढलेली म्हातारी सापडते, परप्रांतातला मजूर सापडतो, चुकून लगेज डब्याऐवजी इकडे शिरलेला फेरीवाला सापडतो. अशा वेळी ‘जाऊ द्या हो, तोही कामालाच निघालाय’ असे म्हणणारा एक आवाज लागतो. असे आवाज आजही डब्यात आहेत, हेही आम्ही ऐकले आहे.

दोरी धरणारेही पुष्कळ आहेत. बसलेला माणूस उभ्याची पिशवी मांडीवर घेतो. तिघांच्या बाकावर चौथा अर्धा टेकतो आणि दादरनंतर कुणीतरी न सांगता उठून दुसऱ्याला बसवतो. वीस वर्षे एकाच डब्यातून जाणाऱ्यांच्या ग्रुपमध्ये मुलीच्या लग्नाला वर्गणी निघते आणि निवृत्तीच्या दिवशी पेढे वाटले जातात. २६ जुलै २००५ रोजी सांताक्रूझ वेधशाळेत चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला आणि गाड्या जागच्या जागी उभ्या राहिल्या. हजारो माणसे रुळांवरून, कमरेएवढ्या पाण्यातून चालत निघाली. वाटेवरच्या चाळींतून, झोपड्यांतून लोकांनी चहा, पाव, बिस्किटे दिली आणि अनोळखी बायकामुलींना रात्रभर घरात झोपायला जागा दिली. ओडिसीत फिएशियन लोकांच्या राजवाड्यात बुडता बुडता वाचलेला ओडिसियस येतो, तेव्हा त्याला आधी जेवू घालतात आणि नाव नंतर विचारतात. कवीने त्या आतिथ्याची थोरवी गायली आहे. इथे तर राजवाडा नव्हता, दहा बाय बाराची खोली होती, आणि तिचेही अर्धे पाणी नुकतेच उपसलेले होते.

पेनेलोपी आता घरी बसलेली नाही

आमच्या भगिनी म्हणतील, या काव्यात आमचे काय? ओडिसीतली पेनेलोपी वीस वर्षे घरात वाट पाहते. तिच्याशी लग्न करायला टपलेल्यांना ती सांगते की, सासऱ्यासाठी कफन विणते आहे, ते पुरे झाले की उत्तर देईन. दिवसा विणायचे आणि रात्री उसवायचे, असे तिने तीन वर्षे चालवले. कवी तिच्या चतुराईचे कौतुक करतो.

आजची पेनेलोपी स्वतःच गाडीला लोंबकळून जाते. ओडिसियसला घरी पोचल्यावर दासींनी आंघोळ घातली. हिला घरी पोचल्यावर कुकर लावायचा असतो. बायकांच्या डब्यात मटार सोलले जातात, लसूण निवडला जातो, मेथीची जुडी मोकळी होते. स्वयंपाकघरातला अर्धा तास वाचावा म्हणून प्रवासातच काम उरकायचे असते. दिवसा ऑफिसात जे विणले, ते रात्री धुण्याभांड्यांत उसवले जाते आणि सकाळी पुन्हा पहिल्यापासून सुरुवात. पश्चिम रेल्वेवर चर्चगेट ते बोरिवली ही खास महिलांची गाडी ५ मे १९९२ रोजी सुरू झाली. बायकाही शहर चालवतात, हे त्या दिवशी रेल्वेच्या वेळापत्रकाने लेखी मान्य केले असे म्हणायला हरकत नाही. घरातल्या वेळापत्रकाने ते अजून मान्य केले आहे का, हे ज्याने त्याने आपापल्या घरी तपासावे. ती सातला पोचते आणि तो आठला, तर कुकर कुणी लावायचा हा प्रश्न अवघड नाही. जो आधी पोचला, त्याने!

आणि टेलेमाकस? वीस वर्षांनी बाप समोर उभा राहिला, तेव्हा मुलाने त्याला ओळखले नाही. आपल्याकडे वीस वर्षे लागत नाहीत. पहाटे निघताना मूल झोपलेले आणि रात्री परतताना पुन्हा झोपलेले. बाप म्हणजे रविवारी घरी दिसणारा पाहुणा. वर्षाचे ५० दिवस गाडी घेते असे वर म्हटले, ते दिवस खरे तर या मुलाच्या वाट्याचे असतात.

सहा माणसांचा हिशोब

आता या तुलनेतला कठीण भाग. ओडिसियसला एका चिंचोळ्या सामुद्रधुनीतून जायचे होते. एका बाजूला करिब्डिस हा भोवरा, जो अख्खे गलबत गिळतो. दुसऱ्या बाजूला कड्यावर स्किला, जी सहा डोक्यांनी सहा माणसे उचलते. सर्सीने त्याला आधीच सांगून ठेवले होते की, स्किलाच्या बाजूने जा, सगळे जाण्यापेक्षा सहा गेलेले बरे. ओडिसियसने तो हिशोब मान्य केला आणि आपल्या माणसांना स्किलाबद्दल चकार शब्द सांगितला नाही. घाबरून त्यांनी वल्ही सोडू नयेत, म्हणून. ते जीव तोडून वल्ही मारत राहिले आणि त्यांच्यातले सहाजण त्याच्या नावाने हाका मारत वर उचलले गेले.

मुंबईच्या उपनगरी रेल्वेने दररोज ७० लाखांहून अधिक प्रवास होतात. या रेल्वेच्या हद्दीत २०२२, २०२३ आणि २०२४ या तिन्ही वर्षी प्रत्येकी सव्वादोन हजारांहून अधिक मृत्यू नोंदले गेले. त्यातले सर्वाधिक रूळ ओलांडताना झाले आणि शेकडो गाडीतून पडून. भागाकार करून पाहा. रोजचे सहाहून अधिक! स्किलाने सहा माणसे एकदा उचलली आणि त्यावर काव्य झाले. आपले शहर रोज सहा देते आणि दुसऱ्या दिवशी आठ वाजून दहाची गाडी आठ वाजून दहालाच सुटते. ९ जून २०२५ रोजी मुंब्र्याच्या वळणावर समोरासमोरून जाणाऱ्या दोन गाड्यांच्या दारांत लोंबकळणारे प्रवासी एकमेकांना घासून खाली पडले, तेव्हा चार दिवस चर्चा झाली. त्यानंतर गाड्यांना आपोआप बंद होणारे दरवाजे बसवण्याचे रेल्वेने जाहीर केले. परंतु एकेकटा पडतो त्याची चर्चा होत नाही. ‘अनोळखी इसम, वय अंदाजे ३५’ एवढ्यावर त्याची बातमी संपते.

आणि मग म्हटले जाते, स्वतःच्या बेपर्वाईने गेला. हेही नवीन नाही. ओडिसी काव्याच्या अगदी आरंभीच कवी सांगतो की, नायकाने सोबत्यांना वाचवायची खूप खटपट केली, पण ते आपल्याच मूर्खपणाने मेले, कारण त्यांनी सूर्यदेवाची गुरे मारून खाल्ली. बारा गलबतांपैकी अकरा आधीच नष्ट झाली होती, उरलेले एक या अपराधापायी फुटले. दर गलबतावर पन्नासेक माणसे धरली तर सहाशेच्या आसपास माणसे गेली आणि घरी पोचला एकटा राजा. पण तेच काव्य पुढे सांगते की, ते लोक त्या बेटावर महिनाभर अडकले होते, शिधा संपला होता, गळ टाकून मिळेल ते खात होते. भुकेने व्याकूळ माणसाने गाय मारली तर त्याला मूर्ख म्हणायचे का?

दारात लोंबकळणाऱ्याला विचारा. मस्टर दहा मिनिटांनी बंद होते. मागची गाडीही इतकीच भरलेली असते. रोजंदारीवर असेल तर उशीर म्हणजे खाडा. तो मजेने लोंबकळत नाही. रूळ ओलांडणाऱ्याला विचारा. पुलाचा जिना दूर आहे आणि त्यावरही गर्दी आहे. २९ सप्टेंबर २०१७ रोजी एल्फिन्स्टन रोड स्टेशनच्या पुलावर चेंगराचेंगरीत वीसहून अधिक माणसे गेली, ती तर पुलावरूनच निघाली होती. म्हणून रुळावरून जावे असे आम्ही मुळीच म्हणत नाही. दोष एकट्या माणसावर टाकून हिशोब मिटवू नये, एवढेच आमचे म्हणणे आहे.

न्यायालयानेही असेच काहीसे म्हटले आहे. ही गोष्ट वाचकांनी घरातल्यांना अवश्य सांगून ठेवावी. गाडीत चढता-उतरताना किंवा चालत्या गाडीतून तोल जाऊन पडणे म्हणजे स्वतःहून करून घेतलेली इजा नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ च्या रीना देवी खटल्यात स्पष्ट केले. रेल्वे कायद्याच्या कलम १२४-अ प्रमाणे अशा प्रसंगी भरपाई मागता येते आणि त्यासाठी रेल्वेची चूक सिद्ध करावी लागत नाही. १ जानेवारी २०१७ पासून मृत्यूबद्दलची रक्कम ८ लाख रुपये आहे. अर्ज रेल्वे दावा न्यायाधिकरणाकडे एका वर्षाच्या आत करावा लागतो. मृताजवळ तिकीट सापडले नाही, एवढ्यावरून दावा फेटाळता येत नाही, हेही त्याच निकालात आहे. तरीसुद्धा पास जवळ ठेवावा आणि त्याचा तपशील घरी लिहून ठेवावा. रूळ ओलांडताना झालेल्या अपघाताला मात्र हे कलम सहसा लागू होत नाही.

सुप्पारकाचे जहाज

सोबती गमावून एकटा पोचणारा वीर हा एकच नमुना जगापुढे आहे असे नाही. आपल्या भूमीत याच्या उलट एक कथा आहे. जातक कथांमध्ये सुप्पारक नावाच्या तांडेलाची कथा येते. ‘सुप्पारक’ हेच पालीत सोपारा या बंदराचे नाव. तेच हे सोपारे, जिथे १८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी स्तूप उकरून काढला, जिथे सम्राट अशोकाच्या शिलालेखाचा तुकडा सापडला आणि जिथली माणसे आज नालासोपारा स्टेशनवर सकाळच्या गाडीला उभी असतात.

कथेतला सुप्पारक भरुकच्छ, म्हणजे भडोच बंदरातला. खाऱ्या पाण्याने त्याचे डोळे गेलेले. राजाकडे पारख करण्याचे काम करून पाहिले, पण राजाने दर वेळी आठ कार्षापण हातावर टेकवून बोळवण केली. कसबाची किंमत नाही असे पाहून तो परतला. सातशे व्यापारी त्याच्याकडे आले आणि म्हणाले, आमचे जहाज तू ने. तो म्हणाला, मी आंधळा, कसा नेऊ? त्यांनी हट्ट धरला. जहाज वादळात सापडले आणि चार महिने अनोळखी समुद्रांत भरकटले. कधी पाणी आगीसारखे दिसे, कधी दुधासारखे, कधी हिरव्या कुशगवतासारखे. प्रवासी आपल्याला काय दिसते ते सांगत आणि तो ऐकून उत्तर देई की, हा अमुक समुद्र. जहाज चालत होते ते प्रवाशांच्या डोळ्यांनी आणि तांडेलाच्या ज्ञानाने.

त्या समुद्रांत हिरे होते, सोने होते. हे कळले तर लोभाने इतके भरतील की जहाज बुडेल, म्हणून त्याने ते बोलून दाखवले नाही आणि बेताने जेवढे पेलेल तेवढेच वर घेतले. पण शेवटी जहाज वडवामुख या भयंकर जागी पोचले, तेव्हा त्याने लपवाछपवी केली नाही. इथून जहाज परत येत नाही, हे त्याने स्पष्ट सांगितले. ओडिसियसने संकट लपवले होते. सुप्पारकाने संपत्ती लपवली, संकट सांगितले. मग त्याने आपण जाणूनबुजून एकाही जिवाची हिंसा केलेली नाही, या सत्याचा उच्चार केला आणि जहाज एका दिवसात भरुकच्छला परतले. चमत्काराचा भाग आपण कथा म्हणून बाजूला ठेवू. पण कथेचा कस पाहा. सातशे निघाले आणि सातशे परतले. शेवटी त्याने संपत्ती सर्वांना वाटून दिली आणि सांगितले की, एवढे पुरे, आता पुन्हा समुद्रावर जाऊ नका.

कुठली कथा आपण आपल्या शहरासाठी निवडायची, हा प्रश्न आहे. सहा गेले तर चालतील हा एक हिशोब, आणि सातशेच्या सातशे पोचले पाहिजेत हा दुसरा. पहिला हिशोब करणारे शहाणे ठरतात, कारण गेलेले सहा बोलायला येत नाहीत. दुसऱ्या हिशोबासाठी गाड्या वाढवाव्या लागतात, दरवाजे, पूल आणि फलाट नीट करावे लागतात, कामाच्या वेळा पुढेमागे कराव्या लागतात. त्यासाठी आपणही मागणी लावून धरली पाहिजे. प्रवासी संघटनेचे पत्रक स्टेशनबाहेर कुणी हातात दिले तर ते न वाचता टाकू नये आणि सहीची मोहीम असेल तर दोन मिनिटे थांबावे. सुप्पारकाच्या जहाजावर प्रवासी बोलत होते म्हणून तांडेलाला वाट कळली. न बोलणाऱ्या प्रवाशांचे जहाज कुणीही कुठेही नेतो.

आणि काही गोष्टी आजपासून आपल्या हाती आहेत. सायरनच्या गाण्यापासून वाचावे म्हणून ओडिसियसने आपल्या माणसांच्या कानांत मेण घातले होते. आपली तरुण मुले कानांत इअरफोन घालून रुळावर उतरतात आणि गाडीचा भोंगा ऐकत नाहीत. मेण कुठे घालावे आणि कुठे काढावे, हे त्यांना घरीच शिकवले पाहिजे. जिना दूर असला तरी पुलानेच जायचे, हे मुलांनी आपल्या पायांकडे पाहून शिकले पाहिजे. दारात उभे असाल तर मागच्याला आत घ्या, दोरी कापू नका. कुणी पडलेला दिसला तर १३९ वर कळवा, पुढच्या स्टेशनवर स्टेशनमास्तरांना सांगा, ‘आपल्याला काय त्याचे’ म्हणू नका.

ओडिसियसच्या सोबत्यांत एल्पेनॉर नावाचा एक तरुण होता. फार शूर नव्हता, फार हुशारही नव्हता. सर्सीच्या घराच्या छपरावर झोपला होता, जाग आल्यावर शिडी विसरला आणि पडून मेला. घाईत कुणाच्या लक्षातही आले नाही. पुढे मृतांच्या जगात तो ओडिसियसला भेटला आणि म्हणाला, मला तसाच टाकून जाऊ नकोस, माझ्या मातीवर माझे वल्हे रोवून ठेव. ओडिसियस मागे फिरला आणि त्याने ते केले. एवढ्या मोठ्या काव्यात आम्हाला सर्वांत मोठे वाटते ते हे कृत्य. पडणाऱ्या प्रत्येकाला नाव असते, हातात डबा असतो, घरी कुणी वाट पाहत असते. रात्री आपल्या घरचे सगळे पोचले की आपण कडी लावतो. कडी लावण्यापूर्वी शेजारच्या दाराकडे एकदा पाहावे आणि विचारावे, तुमच्याकडचे सगळे आले का?